गिरणीच्या गेटवरची माणसं: १ मेच्या शोच्या नोंदी

२ मार्च २०२५

वाचनालयाच्या काकांनी आज परत विचारलं, १ मेला काय करायचं. दरवर्षी भाषण आणि पोवाडा होतो, यंदा तू काहीतरी दाखव म्हणाले. मी पटकन बोलून गेले की जुन्या मुक्या फिल्म दाखवूया, गिरणी सुटल्यावर बाहेर पडणाऱ्या कामगारांच्या. काका म्हणाले मूकपट म्हणजे फाळके ना? म्हटलं नाही काका, फाळक्यांच्याही दहाबारा वर्षं आधीच्या, आणि त्यात गोष्टच नाहीये, गेट उघडतं, माणसं बाहेर येतात, रीळ संपतं. ते जरा गप्प झाले पण हो म्हणाले.

आता दोन महिने आहेत आणि लग्नाचा सीझनही याच दोन महिन्यांत आहे. मी लग्नाचे व्हिडिओ एडिट करते, सतरा वर्षं झाली, त्यामुळे काम रात्री अकरानंतरच होणार. म्हणून ही वही उघडली, म्हणजे कुठपर्यंत आलो ते विसरायला नको.

३ मार्च

मूळ मटेरियल म्हणजे मिचेल आणि केनियनच्या फिल्म. लँकेशायरमधलं ब्लॅकबर्न गाव, तिथे सागर मिचेल आणि जेम्स केनियन हे दोघं १८९७ पासून फिल्म काढायचे (नावाचं स्पेलिंग आपल्या सागरसारखंच आहे, मला पहिल्यांदा वाचून फार बरं वाटलं होतं). धंदा संपला, दोघं गेले, सगळे विसरले. मग १९९४ मध्ये ब्लॅकबर्नच्या नॉर्थगेट रस्त्यावर त्यांच्या जुन्या दुकानाच्या तळघरात काम करणाऱ्या मजुरांना पत्र्याचे तीन मोठे डबे सापडले आणि त्यात सुमारे ८०० रिळं. तिथल्याच पीटर वॉर्डन नावाच्या फिल्मवेड्या माणसाने ती भंगारात जाऊ दिली नाहीत. २००० मध्ये ती ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटकडे गेली, साफ झाली, आणि शेफील्ड विद्यापीठातल्या लोकांनी कुठली गिरणी, कुठला रस्ता, कुठली तारीख हे शोधून काढलं. सगळं मिळून २८ तासांच्या आसपास भरतं.

आणि यातली खरी गंमत अशी की ती निगेटिव्ह आहेत, कॅमेऱ्यातून थेट निघालेली. शंभर वेळा चालवून घासलेल्या प्रिंट नाहीत, म्हणून चेहरे इतके स्वच्छ दिसतात की एखाद्या बाईच्या शालीची वीण दिसते. नायट्रेटची फिल्म ही, जिला एकदा आग लागली की पाण्यातसुद्धा विझत नाही, आणि नुसती पडून राहिली तरी हळूहळू चिकट होऊन भुकटी होते. ती नव्वद वर्षं तळघरात टिकली.

मामेभाऊ लीड्सला असतो, त्याने तीन वर्षांपूर्वी डीव्हीडी आणून दिली होती. तेव्हापासून बघतेय. परवानगीचा मेल आजच टाकला.

९ मार्च

रविवार, लग्न नव्हतं. सकाळपासून सगळे गेटचे तुकडे ओळीने बघितले आणि टाईमकोड टाकून लिहून काढले. पार्कगेट लोखंड कारखाना, रॉदरहॅम, १९०१. पेंडलबरीची सूतगिरणी, १९०१. ओल्डहॅमजवळच्या हॉलिनवूडची ग्लीब मिल, तीही १९०१.

एका गोष्टीवर मी अडकले. सगळे कॅमेऱ्याकडे बघतात. बायका बघून हसतात, एकमेकींना कोपराने ढोसतात, पोरं तर कॅमेऱ्यासमोरून हलतच नाहीत, एकदा जाऊन वळसा घालून परत येतात, पुरुष टोपी काढून हलवतात. काही तुकड्यांमध्ये एक सूटबूटवाला माणूस फ्रेममध्ये येऊन गर्दीला हातवारे करत पुढे ढकलताना दिसतो. तो म्हणजे जत्रेतला तंबूवाला. त्यानेच पैसे देऊन फिल्म काढून घेतलेली असायची, आज दुपारी गेटवर शूट, एकदोन दिवसांत तंबूत शो, आणि गावभर जाहिरात की या आणि स्वतःला पडद्यावर बघा. जितके चेहरे तितकी तिकिटं.

हे वाचलं तेव्हा मला आमचा पंगतीचा शॉटच आठवला. लग्नात आम्ही कॅमेरामनला सांगतोच ना, पंगतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सावकाश जा, एकही ताट सुटता कामा नये. कारण व्हिडिओ बघताना माणसं नवरानवरीला नाही शोधत, स्वतःला शोधतात, माझी आत्या कुठंय, आम्ही तिघी कुठे बसलो होतो. ज्या घरातला एक काका फ्रेममध्ये आला नाही त्या घरातून फोन येतो. मिचेल-केनियनचा कॅमेरा असाच उभा आहे, गेटच्या बरोबर समोर, माणसाच्या छातीच्या उंचीला, आणि सगळी गर्दी त्याच्या दोन्ही बाजूंनी वाहत जाते.

त्यामुळे ‘रोजचं आयुष्य’ असं जे या फिल्मबद्दल लिहितात ते मला अर्धंच पटतं. रोज कोण असं हसत सुटतं गिरणीतून. तो दिवस रोजचा नव्हता, त्या दिवशी गेटवर कॅमेरा होता. पण कपडे रोजचे, डबे रोजचे, थकवा रोजचा, आणि बारा वर्षांची पोरं रोजची. त्या काळात बारा वर्षांच्या मुलांना अर्धा दिवस शाळा अर्धा दिवस गिरणी अशी कायद्यानेच मोकळीक होती, हाफ टायमर म्हणायचे त्यांना. सगळ्यात पुढे नाचणारी पोरं तीच आहेत.

१० मार्च

छोटी नोंद, विसरेन म्हणून. ब्लॅकबर्नमध्ये आणि आजूबाजूला जे कापड विणलं जायचं त्यातलं ढीगभर भारतासाठी असायचं, चक्क धोतरं, आपल्या बाजारात विकायला. म्हणजे त्या गेटमधून जी बाई बाहेर येतेय तिने सकाळभर कदाचित साताऱ्याच्या नाहीतर नाशिकच्या कुणाचं तरी धोतर विणलंय. आणि मुंबईच्या गिरण्यांतली कितीतरी यंत्रं ओल्डहॅमच्या प्लॅट ब्रदर्स कंपनीची. हे शोच्या आधी बोलायचंच.

१३ मार्च

होळी. खाली सोसायटीत बोंबाबोंब, वर मी स्पीडचं बघत बसले.

सुरुवातीला लुमिएर बंधूंची, म्हणजे सिनेमाची सुरुवात करणाऱ्या दोघा फ्रेंच भावांची, कारखाना सुटण्याची फिल्म दाखवायची ठरवली आहे, लियॉंची, १८९५. नेटवरून घेतलेली फाईल ३३ सेकंदांत संपली. माणसं नुसती तुरुतुरु पळतायत. आपल्या सगळ्यांच्या डोक्यात जुनी फिल्म म्हटली की हेच असतं, बाहुल्यांसारखी टुणटुण चालणारी माणसं, आणि लोक हसतात. मला १ मेला कुणीही त्यांच्या चालण्याला हसलेलं नकोय.

दोष फिल्मचा नाहीच. कॅमेऱ्याला दांडा असायचा, तो हाताने फिरवायचा, सेकंदाला दोन फेरे, एका फेऱ्याला आठ फ्रेम, म्हणजे सेकंदाला सोळाच्या आसपास. नंतर बोलपट आले तेव्हा आवाजासाठी सेकंदाला २४ पक्कं झालं. मग कुणीतरी सोळावाली फिल्म चोवीसच्या मशीनवर चालवली आणि तीच फाईल सगळीकडे पसरली. लुमिएरचं रीळ १७ मीटरचं, त्यात साधारण ८०० फ्रेम. ८०० भागिले १६ म्हणजे ५० सेकंद, ८०० भागिले २४ म्हणजे ३३. बरोबर तेच झालंय माझ्या फाईलचं.

डीव्हीडीवर हा प्रॉब्लेम नव्हता, तिथे काही फ्रेम दोनदा टाकून स्पीड नीट बसवलेला आहे. पण मी टाईमलाईनवर घेण्यासाठी कन्व्हर्ट केलं तेव्हा मीच एमपीडेसिमेट फिल्टर लावून डबल फ्रेम काढून टाकल्या आणि फ्रेमरेट मात्र २५ ठेवला. म्हणजे जे कुणीतरी मेहनतीने बरोबर केलं होतं ते मी बिघडवलं. दोन रात्रींचं काम परत करावं लागणार.

१७ मार्च

सोळा की अठरा हे ठरत नव्हतं, कारण हाताने फिरवलेला दांडा, कधी हळू कधी जोरात. म्हणून आज सकाळी सव्वानऊला डोंबिवली स्टेशनच्या पुलावर जाऊन उभी राहिले, कठड्याला टेकून, फोनचं स्टॉपवॉच लावून. एक माणूस पकडायचा, पंधरा सेकंद त्याची पावलं मोजायची, चारने गुणायचं. वीस जण मोजले. बहुतेक सगळे मिनिटाला ११० ते १२५ मध्ये. ऑफिसची गर्दी, लोकल पकडायची घाई, तरी एवढंच. एक जण खरंच पळत होता त्याला सोडून दिलं.

घरी येऊन लुमिएरची फिल्म लावली. बायकांचे झगे पायघोळ, पाऊल दिसत नाही, म्हणून पुरुष घेतले. चोवीसच्या स्पीडला एक जण १७४ वर चाललाय, असं कुणीच चालत नाही. सोळावर तोच माणूस ११६. तो आणि माझ्या पुलावरचा निळ्या सॅकवाला मुलगा अगदी सारखे चालतात.

हे झाल्यावर फिल्म परत बघितली आणि थोडा वेळ काही सुचलंच नाही. स्पीड बरोबर झाला की त्यांना वजन येतं, खांदे दिसतात. एक बाई दुसरीचा झगा ओढून मस्करी करते ते आधी नुसतं काहीतरी फडफडल्यासारखं वाटायचं, आता कळतं की ती मैत्रीण आहे.

आणि अजून एक, लुमिएरच्या फिल्ममध्ये कॅमेऱ्याकडे कुणी बघतच नाही जवळजवळ. गेटमधून येतात आणि डावीउजवीकडे पांगतात, सरळ, शहाण्यासारखे. कारण उघड आहे, कॅमेऱ्यामागे मालक आहे. कारखाना लुमिएरचा, कॅमेरा लुमिएरचा. एकदा नाही, वेगवेगळ्या दिवशी तीनदा काढलीय ती फिल्म, आणि अभ्यासक घोड्यांवरून ओळखतात, एक घोडा, दोन घोडे, बिनघोड्याची. ब्लॅकबर्नवाल्यांच्या फिल्ममध्ये कॅमेरा जत्रेवाल्याने पैसे देऊन बोलावलेला, म्हणून सगळे मोकळे. सहा वर्षांचंच अंतर आहे. शोमध्ये या दोन्ही एकापाठोपाठ लावायच्या, मध्ये काही बोलायचं नाही.

२३ मार्च

भाच्याने लिंक पाठवली, मावशी हे लाव, एकदम भारी आहे, रंगीत, फोर के, साठ एफपीएस. बघितली. पहिल्या दहा सेकंदांत मलाही भुरळ पडली हे खरंय. मग फ्रेम फ्रेम पुढे नेली तर एका मुलाच्या हाताला मध्येच बोटंच नाहीत, दोन बायका एकमेकींना क्रॉस करताना त्यांचे चेहरे एक होतात आणि परत सुटतात. साधा हिशोब आहे, सोळा फ्रेमच्या साठ केल्या तर उरलेल्या ४४ कुठल्याच कॅमेऱ्याने काढलेल्या नाहीत, त्या कॉम्प्युटरने मधल्यामध्ये भरल्यात. आणि रंग तर निव्वळ अंदाज, कारण त्या काळची फिल्म लाल रंगाला आंधळी असायची, लाल काळं दिसायचं आणि निळं आकाश पांढरंफटक. त्या बाईची शाल काळी दिसतेय ती लाल असू शकते. मशीनने ती तपकिरी केलीय.

भाच्याला हे सगळं समजावलं, तो नाराज झाला, म्हणाला मग तुम्ही लग्नात स्किन स्मूथ करताच ना. करते. पण त्या नवरीला मी विचारू शकते, ती समोर बसलेली असते. या बायकांना कुणी विचारणार, त्यांच्याकडे तेवढा एकच चेहरा राहिलाय.

रंगीत नाही लावायची. ठरलं.

३० मार्च

पाडवा. श्रीखंडपुरीनंतर आईला म्हटलं बस पाच मिनिटं, तुला काहीतरी दाखवते. आईचे वडील, माझे आजोबा, लालबागला गिरणीत साचे खात्यात, म्हणजे मागांवर, होते, एकतीस वर्षं. संपाच्या आधीच रिटायर झाले, ८२ चा संप त्यांनी घरी बसून बघितला.

हॉलिनवूडचा तुकडा लावला, आवाज नाही काही नाही. आई आधी म्हणाली थंडी आहे वाटतं, सगळ्यांनी डोक्यावरून घेतलंय. शाली आहेत त्या, पण पदरासारख्या डोक्यावरून घेतलेल्या. मग म्हणाली बायका केवढ्या! आमच्या इथे बायका होत्या पण अशा नव्हत्या, अशी सगळी रांगच्या रांग नव्हती. मग एकदम पुढे वाकली आणि म्हणाली, बघ कशा बोलतायत, तोंड मोठं करून, तुझे आजोबा असेच बोलायचे.

हे मला माहीतच नव्हतं. साचे खात्यात आवाज इतका की शेजारचा ओरडला तरी ऐकू यायचं नाही, म्हणून ओठांवरून बोलायचं, मोठे मोठे ओठ करून. घरी आल्यावरही आजोबा तसेच बोलायचे, आणि त्यांना कमी ऐकू यायचं म्हणून आजी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून नुसते ओठ हलवायची आणि त्यांना कळायचं, पोरांना मात्र नाही कळायचं. लँकेशायरच्या विणकरांबद्दल मी हेच वाचलं होतं, तिकडे या बोलण्याला वेगळं नावसुद्धा आहे, पण ते आमच्या घरात होतं हे आज पाडव्याला कळलं.

मग आई बोलतच राहिली आणि मी फोनवर रेकॉर्ड केलं. भोंगा झाला की चाळीत स्टो पेटायचे. पगाराच्या दिवशी गेटवर पठाण उभे असायचे व्याजासाठी, आणि खानावळवाल्या बाया हिशोबाची वही घेऊन. म्हणून त्या दिवशी आजी स्वतः गेटवर जायची, धाकट्या मामाला कडेवर घेऊन, म्हणजे पगार आधी तिच्या हातात येईल. आईला आठवतं ते चपलांचा आवाज. म्हटलं या लोकांच्या पायात लाकडी तळाचे बूट आहेत, क्लॉग, शेकडो माणसं दगडी रस्त्यावर एकदम चालली की केवढा आवाज होत असेल. आई म्हणाली मग आवाज का नाही लावत तू?

विचार केला रात्रभर. नाही लावणार. क्लॉगचा आवाज कुठून तरी आणून चिकटवला तर तो परत अंदाजच झाला, त्या ४४ फ्रेमसारखा. पण आईचं रेकॉर्डिंग आहे ना. त्या काळी तंबूत मालक स्वतः पडद्याशेजारी उभा राहून बोलायचा आणि लोक आपापली माणसं ओळखून ओरडायचे, शांतता कधीच नव्हती. तर संगीत रद्द, हार्मोनियमवाल्या मित्राला सॉरीचा मेसेज केला. लोकांनाच बोलू द्यायचं.

५ एप्रिल

फोर्टमध्ये काम होतं म्हणून काळाघोड्याला वळून वॉटसन हॉटेलची बिल्डिंग बाहेरून बघून आले, आता एस्प्लनेड मॅन्शन, सगळा लोखंडी सांगाडा, फार जर्जर झालीय. ७ जुलै १८९६ ला लुमिएरच्या माणसाने इथे पहिल्यांदा फिल्म दाखवल्या, एक रुपया तिकीट. पॅरिसचा पहिला शो २८ डिसेंबर १८९५ चा, म्हणजे सहा महिन्यांत मुंबईत. आणि त्या दिवशीच्या सहा फिल्ममध्ये कारखान्यातून सुटणारे कामगारही होते! हे वाचल्यापासून माझ्या डोक्यातून जात नाहीये. मुंबईत पहिल्यांदा पडदा लागला त्या संध्याकाळी त्यावर कारखाना सुटला होता, आणि तिथून थोड्या अंतरावर गिरणगावात खरी गिरणी सुटत होती. पण तिथल्या कुणाला रुपयाचं तिकीट परवडणार. दोन महिन्यांनी तर प्लेगच आला.

सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, लुमिएरच्या फिल्म बघूनच लंडनहून २१ गिनीला कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला कुस्ती लावून ती शूट केली, रीळ धुवायला लंडनला पाठवलं. १९०१ च्या डिसेंबरमध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परत आले तेव्हाचा चौपाटीवरचा सत्कारही त्यांनी काढला. म्हणजे मराठी माणसाच्या हातातला कॅमेरा, मुंबईची गर्दी, आणि वर्ष तेच जेव्हा ब्लॅकबर्नवाले गेटवर उभे होते. पण ती रिळं आज नाहीत. चौपाटीवरच्या त्या गर्दीतही कुणीतरी कॅमेऱ्याकडे बघून हसलं असणार, पागोटं सावरलं असणार, मला तर खात्री आहे. शोमध्ये इथे पाच सेकंद काळा पडदा ठेवणार आहे.

८ एप्रिल

१८९९ ची एक दीड मिनिटांची फिल्म, होडीतून काढलेली, नाव कलकत्त्याचं. पण घाट बघितले की आपल्याला लगेच कळतं, ती काशी आहे. आई बाबांच्या अस्थी घेऊन तिथे गेली होती, तिने तीन सेकंदांत सांगितलं. अभ्यासकांचंही तेच म्हणणं आहे. भारतातली आज शिल्लक असलेली बहुधा सगळ्यात जुनी फिल्म हीच, आणि नावच चुकलेलं. घेतली लिस्टमध्ये. घाटावर लोक आंघोळ करतायत, कपडे बडवतायत, होडीकडे फारसं कुणाचं लक्ष नाही.

१४ एप्रिल

सुट्टी, पण दुपारी जयंतीच्या मिरवणुकीचं शूट असल्याने सकाळीच बसले.

योगायोग बघा, सॅन फ्रान्सिस्कोची मार्केट स्ट्रीटची फिल्म १४ एप्रिल १९०६ ची आहे असं मानतात. केबल कारच्या पुढच्या टोकाला कॅमेरा ठेवून माइल्स बंधूंनी तेरा मिनिटं नुसता रस्ता काढलाय, फेरी बिल्डिंगपर्यंत. आधी सगळे १९०५ म्हणायचे. मग डेव्हिड कीन नावाच्या अभ्यासकाने रस्त्यावरच्या डबक्यांवरून सुरुवात केली, की इथे पाऊस पडून गेलाय, मग जुन्या पेपरातलं हवामान बघितलं, गाडीची नंबरप्लेट कधी रजिस्टर झाली ते बघितलं, आणि १९०६ चा एप्रिल आला. १८ एप्रिलला भूकंप झाला आणि मग आग. चारच दिवस. त्या तेरा मिनिटांत दिसणाऱ्या बहुतेक सगळ्या इमारती पुढच्या आठवड्यात नव्हत्या.

यातही थोडं नाटक आहे बरं का, त्याच त्या मोटारी कॅमेऱ्याभोवती चकरा मारून परत परत फ्रेममध्ये येतात, रस्ता गजबजलेला वाटावा म्हणून. नंबर लक्षात ठेवला तर पकडता येतात.

आपल्या शोसाठी तेरा मिनिटं खूप आहेत. चार मिनिटं घेतेय, शेवटची. त्याआधी ब्रॅडफर्डची ट्राम, १९०२ ची, विजेची. मुंबईत तेव्हा घोड्याची ट्राम होती, विजेची ७ मे १९०७ ला आली.

२० एप्रिल

वाचनालयाच्या हॉलमध्ये ट्रायल. बरंच काही चुकलं ते लिहून ठेवते.

मोठा टीव्ही आहे तिथे, त्यात मोशन स्मूथ करायचं सेटिंग चालू होतं. म्हणजे मी ज्या खोट्या फ्रेम नाकारल्या त्या टीव्ही स्वतःच बनवत होता! माणसं लोण्यातून चालल्यासारखी. बंद केलं. चित्र ताणून सोळा बाय नऊ केलेलं, सगळे जाडे दिसत होते, या फिल्म साधारण चार बाय तीन आहेत, बाजूला काळे पट्टे राहू देत. काका म्हणाले मग झूम कर ना, पट्टे जातील. झूम केलं तर खालची कड कापली गेली आणि कडेलाच सगळी पोरं आहेत, लहान उंचीची, अर्ध्या चेहऱ्याची. काकांना दोन्ही दाखवलं, त्यांना लगेच पटलं.

प्रोजेक्टर भाड्याने मागवला होता तो आलाच नाही, ज्याच्याकडून घ्यायचा होता त्याने दुसरीकडे दिला आणि कळवलंही नाही. टीव्हीवरच करू. पुढच्या चार रांगांनाच नीट दिसेल, म्हणून खुर्च्या अर्धगोल.

२७ एप्रिल

परवानगीचं काम झालं. क्रम फायनल, एकूण ४१ मिनिटं. लियॉं, काळा पडदा, काशी, मग हॉलिनवूड, पेंडलबरी, रॉदरहॅम, ब्रॅडफर्ड, मार्केट स्ट्रीट, आणि शेवटी परत हॉलिनवूड पूर्ण. आईचं रेकॉर्डिंग फक्त शेवटच्या वेळी, तेही दोन मिनिटं.

१ मे

साठेक लोक आले. पुढच्या रांगेत सातआठ आजोबा, त्यातले पाच तरी गिरणीतले, एक बाई वाइंडिंगला, म्हणजे सूत गुंडाळायच्या खात्यात, होत्या.

लियॉंला सगळे शांत. हॉलिनवूड लागलं आणि तिसऱ्याच सेकंदाला मागून कुणीतरी म्हणालं सुटली सुटली. मग थांबलंच नाही. तो बघा डबा. ही पोरं शाळेत नाही गेली का. तो जॉबर (खात्यातला मुकादम) असणार, मिश्या बघा त्याच्या. एक आजोबा मोठ्याने म्हणाले, बदलीवाले कुठं आहेत? मला आधी कळलं नाही. मग त्यांनी उभं राहून सांगितलं की गेटवर रोज सकाळी बदली कामगार उभे असायचे, कुणी कायमचा आला नाही तर त्या दिवसापुरतं काम मिळायचं, नाहीतर घरी परत, ते स्वतः चार वर्षं असे उभे राहिले होते. या फिल्ममध्ये सगळे आतून बाहेर येतायत, बाहेर उभा राहिलेला कुणीच नाही असं त्यांचं म्हणणं. मी हा तुकडा निदान दोनशे वेळा बघितलाय आणि हे माझ्या मनात आलं नव्हतं.

आईचं रेकॉर्डिंग लागलं तेव्हा वाइंडिंगच्या बाई हळूच शेजारणीशी आवाज न करता बोलल्या, नुसते ओठ मोठे करून. दोघी हसल्या. मी टीव्हीशेजारी उभी होते म्हणून दिसलं.

चालण्याला कुणीही हसलं नाही.

संपल्यावर बदलीवाल्या आजोबांनी विचारलं आपल्या गेटची नाही का अशी एखादी? म्हटलं मला अजून मिळालेली नाही. ते म्हणाले फोटो आहे, घरी, ट्रंकेत.

११ मे

आजोबा सुनेला घेऊन आले. फोटो लॅमिनेट केलेला, कडा पिवळ्या, गेटच्या बाहेर दोन ओळींत उभे राहिलेले अकरा जण, मागे गिरणीचं नाव अर्धंच आलंय. सगळे कॅमेऱ्याकडे बघतायत. १२०० डीपीआयला स्कॅन केला, साफसफाई काही केली नाही. आजोबांनी बोट ठेवून एकेकाचं नाव सांगितलं, गाव सांगितलं, कोण कुठल्या खात्यात ते सांगितलं, मी लिहून घेतलं. नऊ झाले. दोघांची नावं त्यांना आठवेनात, डावीकडून चौथा आणि टोकाचा. त्यांचा एक जुना साचेवाला दोस्त कळव्याला असतो, त्याला माहीत असेल म्हणाले. प्रिंट मोठी काढून ठेवली आहे, येत्या रविवारी आजोबांना घेऊन कळव्याला जायचंय.